रायझन प्रोसेसर आणि जीफोर्स कार्ड असलेल्या लॅपटॉपवर गेममधला ओव्हरले उघडत नाही

पाथर्डीफाटा यांचा प्रश्न

नमस्कार मंडळी. मी नाशिकला पाथर्डी फाट्याजवळ राहतो आणि अभियांत्रिकीच्या तिसऱ्या वर्षाला आहे. माझ्या लॅपटॉपमध्ये रायझन ५ ५६००एच प्रोसेसर, चार जीबी मेमरीचे जीफोर्स आरटीएक्स ३०५० आणि विंडोज ११ आहे. उन्हाळा सुरू झाल्यापासून दुपारच्या वेळी गेम सुरुवातीला व्यवस्थित चालतो आणि काही वेळाने एकदम अडखळू लागतो. हे तापमानामुळे होते, कार्डची मेमरी अपुरी पडल्यामुळे होते की प्रोसेसर मागे पडल्यामुळे, हे गेम चालू असतानाच स्क्रीनच्या कोपऱ्यात आकडे दिसल्याशिवाय ठरवता येणार नाही, म्हणून मला जीफोर्स बनवणाऱ्या एनव्हिडियाच्या ॲपमधला ओव्हरले, म्हणजे चालू गेमच्या वरच आकडे आणि मेनू दाखवणारा थर, वापरायचा आहे.

ॲपच्या सेटिंग्जमध्ये फीचर्स या भागात ओव्हरलेचे बटण चालू आहे. तरीही ऑल्ट आणि झेड एकत्र दाबले की कधी काहीच होत नाही, तर कधी स्क्रीनच्या कडेला एक पट्टी उघडते, जी एनव्हिडियाची दिसत नाही. आकडे दाखवण्यासाठी ऑल्ट आणि आर दाबावे असे वाचले होते, पण ते दाबल्यावर रायझन बनवणाऱ्या एएमडीचे सॉफ्टवेअर स्क्रीनभर उघडते आणि गेम मागे जातो. ड्रायव्हर काढून पुन्हा टाकून पाहिला, फरक पडला नाही. शहरातल्या एका दुकानात विचारले असता त्यांनी विंडोज नव्याने टाकण्याचा सल्ला दिला. परंतु माझे प्रकल्पाचे सगळे काम याच लॅपटॉपवर असल्यामुळे त्याआधी इथे विचारावे असे वाटले.

आणखी दोन शंका आहेत. ओव्हरले चालू ठेवल्याने गेमचा वेग कमी होतो का, आणि मित्रांना दाखवण्यापुरते लहान व्हिडिओ याच ओव्हरलेमधून रेकॉर्ड करायचे असतील तर काय काळजी घ्यावी?

सिडकोवासी यांचे उत्तर

विंडोज नव्याने टाकू नका, त्याची काहीही गरज नाही. तुमच्या दोषाचे कारण तुम्ही स्वतःच प्रश्नात लिहिले आहे. ऑल्ट आणि आर दाबल्यावर एएमडीचे सॉफ्टवेअर उघडते, याचा अर्थ कळफलक ठीक आहे, विंडोजही ठीक आहे, आणि तुमची आज्ञा एनव्हिडियापर्यंत पोहोचण्याआधीच दुसरा कोणीतरी ती उचलत आहे.

तुमच्या लॅपटॉपमध्ये ग्राफिक्सच्या दोन चिप आहेत. एक प्रोसेसरच्या आतली रेडिऑन आणि दुसरी स्वतंत्र जीफोर्स. पहिलीसाठी एएमडीचे ॲड्रेनलिन सॉफ्टवेअर बसवलेले असते आणि दुसरीसाठी एनव्हिडिया ॲप. या दोन्ही सॉफ्टवेअरना आपापला ओव्हरले आहे, आणि दोघांच्याही मूळ सेटिंगमध्ये ऑल्ट-झेड आणि ऑल्ट-आर हेच शॉर्टकट ठरवलेले आहेत. ॲड्रेनलिनमध्ये ऑल्ट-झेडने कडेची पट्टी उघडते आणि ऑल्ट-आरने संपूर्ण सॉफ्टवेअर. एनव्हिडियात ऑल्ट-झेडने ओव्हरले उघडतो आणि ऑल्ट-आरने आकड्यांची पट्टी दिसते. विंडोजमध्ये एखादा शॉर्टकट एका प्रोग्रामने सर्वत्र लागू होईल अशा रीतीने नोंदवला की दुसऱ्या प्रोग्रामला तोच शॉर्टकट त्याच पद्धतीने नोंदवता येत नाही. म्हणून संगणक सुरू होताना जो प्रोग्राम आधी जागा होतो त्याच्याकडे तो शॉर्टकट जातो, आणि तुम्हाला दिसणारे ‘कधी हे, कधी ते’ असे वागणे बहुधा त्यातूनच येते. यात दोष कोणत्याच कंपनीचा म्हणता येणार नाही, कारण दोन्ही सॉफ्टवेअर आपापल्या जागी बरोबर चालत आहेत. ती एकाच यंत्रावर एकत्र आल्यावर शॉर्टकटांची वाटणी आपल्याला करून द्यावी लागते, एवढेच.

आता उपाय. ॲड्रेनलिन उघडा, वरच्या बाजूचे दातेरी चाकाचे चिन्ह दाबा आणि हॉटकीज या भागात जा. तिथे प्रत्येक कामासमोर त्याचा शॉर्टकट लिहिलेला असेल. ज्या ओळीसमोर ऑल्ट-झेड आहे तिच्यावर क्लिक करा आणि कळफलकावरची डिलीटची कळ दाबा, म्हणजे तो शॉर्टकट मोकळा होईल. ऑल्ट-आरच्या बाबतीतही तसेच करा. एएमडीचा ओव्हरले तुम्हाला कधीच लागणार नसेल तर प्रेफरन्सेसमध्ये इन-गेम ओव्हरले आणि यूज हॉटकीज अशी दोन बटणे आहेत, ती दोन्ही बंद करणे अधिक स्वच्छ ठरते. त्यानंतर लॅपटॉप रीस्टार्ट करा. नुसते झाकण मिटून पुन्हा उघडले तर दोन्ही प्रोग्राम आधीच्याच अवस्थेत राहतात, त्यामुळे रीस्टार्टच हवा.

एक इशारा मात्र आवर्जून देतो, कारण या ठिकाणी पुष्कळ लोक नको ते करून बसतात. ‘भांडण एएमडीच्या सॉफ्टवेअरमुळे आहे’ हे कळले की ते एएमडीचा ग्राफिक्स ड्रायव्हरच काढून टाकतात. बहुतेक लॅपटॉपांमध्ये अंगची स्क्रीन प्रोसेसरमधल्या चिपला जोडलेली असते. जीफोर्सने तयार केलेले चित्रसुद्धा त्या चिपमधूनच स्क्रीनवर येते. तो ड्रायव्हर काढला की विंडोज साध्या मूलभूत ड्रायव्हरवर येते आणि मग स्क्रीनचा उजेड कमी-जास्त न होण्यापासून अनेक नव्या अडचणी उभ्या राहतात. ॲड्रेनलिन अजिबातच नको असेल तर एएमडीच्या इन्स्टॉलरमध्ये फक्त ड्रायव्हर बसवण्याचा पर्याय असतो, तो निवडा.

उपनगर यांचे उत्तर

सिडकोवासींचे निदान मला पटते आणि सुरुवात तिथूनच करावी. मी नाशिक रोडला एक लहान गेमिंग कॅफे चालवतो. तिथल्या यंत्रांवर ओव्हरले न उघडण्याची तक्रार वेगवेगळ्या कारणांनी येते, म्हणून शॉर्टकट मोकळे करूनही काम झाले नाही तर पुढे कुठे पाहायचे ते लिहून ठेवतो. हा धागा उद्या कोणी वेगळ्या यंत्रासाठी वाचेल, त्यालाही उपयोग होईल.

माझा आग्रह असा की आधी गेम बंद करून साध्या डेस्कटॉपवर ओव्हरले उघडतो का ते पाहावे. डेस्कटॉपवरच उघडत नसेल तर गेमच्या सेटिंग्जमध्ये शोधत बसणे व्यर्थ आहे. अशा वेळी टास्क मॅनेजर उघडून एनव्हिडिया ओव्हरले या नावाची प्रक्रिया चालू आहे का ते पाहा. ती नसेल तर ॲपमधले ओव्हरलेचे बटण एकदा बंद करून पुन्हा चालू करा. तरीही ती दिसली नाही तर विंडोजच्या सर्व्हिसेसच्या यादीत एनव्हिडिया लोकलसिस्टम कंटेनर नावाची सेवा शोधा. ती चालू असली पाहिजे आणि तिचा स्टार्टअप प्रकार ऑटोमॅटिक असला पाहिजे. ‘संगणक वेगवान करा’ म्हणणारी सफाईची सॉफ्टवेअर वापरणाऱ्यांच्या यंत्रांवर ही सेवा बंद करून ठेवलेली हमखास सापडते. एनव्हिडियाचा ड्रायव्हर खरोखरच बिघडला आहे असे वाटले तर इन्स्टॉलरमध्ये कस्टम पर्याय निवडून क्लीन इन्स्टॉलेशनवर खूण करा. नुसता जुन्यावर नवा टाकल्याने जुन्या सेटिंग्ज तशाच राहतात.

डेस्कटॉपवर उघडतो पण गेममध्ये उघडत नाही, ही अवस्था जास्त विचार करायला लावते, कारण इथे ओव्हरले नेमका काय करतो हे समजून घ्यावे लागते. गेम प्रत्येक फ्रेम, म्हणजे पडद्यावरचे एकेक चित्र, पूर्ण रंगवून झाल्यावर ‘आता ही दाखवा’ अशी आज्ञा डायरेक्टएक्सला किंवा व्हल्कनला, म्हणजे गेम आणि कार्ड यांच्यामधल्या सॉफ्टवेअरला, देतो. ओव्हरलेचा एक तुकडा गेमच्याच प्रक्रियेत शिरून त्या आज्ञेच्या अगदी आधी आपले आकडे त्या फ्रेमवर रंगवतो. म्हणजे ओव्हरले दिसण्यासाठी त्याला गेममध्ये शिरता आले पाहिजे, त्याला तिथे रंगवू दिले पाहिजे, आणि आपण दाबलेली कळ त्याच्यापर्यंत पोहोचली पाहिजे. यांपैकी एक जरी अडले तरी समोर दिसणारे लक्षण एकच असते.

कळ न पोहोचण्याचे एक कारण फार लोकांच्या लक्षात येत नाही. गेम ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ने सुरू केलेला असेल तर तो जास्त अधिकारांनी चालतो. विंडोज व्हिस्टापासून अशी सुरक्षाव्यवस्था आहे की कमी अधिकारांच्या प्रोग्रामला जास्त अधिकारांच्या प्रोग्रामच्या खिडकीत हस्तक्षेप करता येत नाही. जुना गेम चालत नव्हता म्हणून कुणाच्या तरी सांगण्यावरून त्याच्या प्रॉपर्टीजमध्ये कंपॅटिबिलिटीखाली ॲडमिनिस्ट्रेटरची खूण केलेली असते आणि पुढे ती विसरली जाते. ती खूण काढून पाहा.

दुसरे, गेम कोणत्या चिपवर चालतो आहे ते तपासा. टास्क मॅनेजरच्या प्रोसेसेस यादीत जीपीयू इंजिन हा स्तंभ दाखवता येतो. तिथे गेमसमोर जीपीयू ० आहे की जीपीयू १ हे दिसते, आणि कोणता क्रमांक कोणत्या चिपचा हे परफॉर्मन्सच्या पानावर कळते. गेम चुकून रेडिऑनवर चालत असेल तर ओव्हरलेच्या आकड्यांना अर्थ उरत नाही. विंडोजच्या सेटिंग्जमध्ये सिस्टिम, डिस्प्ले, ग्राफिक्स असे जाऊन त्या गेमला हाय परफॉर्मन्स हा पर्याय द्या. तुमच्या अडखळण्याचे कारण कदाचित इथेही सापडू शकेल.

तिसरे, एकाच वेळी किती ओव्हरले चालू आहेत ते मोजा. स्टीमचा शिफ्ट-टॅबवाला, डिस्कॉर्डचा, विंडोजचा गेम बार, आकडे दाखवणारा रिव्हाट्यूनर आणि वर एनव्हिडियाचा, असे सगळे एकाच फ्रेमवर रंगवू पाहत असतील तर कधी एखादा दिसत नाही आणि कधी गेमच बंद पडतो. एक ठेवून बाकीचे बंद करावेत. स्पर्धात्मक गेममधल्या फसवणूकविरोधी व्यवस्था बाहेरच्या प्रोग्रामला आत शिरू देत नाहीत. ग्राफिक्स कंपन्यांच्या ओव्हरलेला त्या बहुधा परवानगी देतात, पण अनोळखी साधने अशा गेममध्ये वापरू नयेत, कारण खाते बंद होण्याचा धोका असतो.

पाथर्डीफाटा

सिडकोवासी आणि उपनगर, दोघांचेही मनापासून आभार. ॲड्रेनलिनमधले शॉर्टकट मोकळे करून रीस्टार्ट केल्यावर ऑल्ट-झेडने एनव्हिडियाचा ओव्हरले उघडू लागला आणि ऑल्ट-आरने आकडेही दिसू लागले. एका जुन्या गेममध्ये मात्र तो येत नव्हता. त्याच्या प्रॉपर्टीजमध्ये ॲडमिनिस्ट्रेटरची खूण होती, ती काढल्यावर तिथेही आला.

आकड्यांकडे पाहून आता असे दिसते. सुरुवातीला कार्डचा वापर ९५ टक्क्यांच्या पुढे, तापमान सत्तरच्या घरात आणि वेग सेकंदाला साठ फ्रेमच्या वर असतो. काही वेळाने तापमान ८६-८७ अंशांवर जाऊन थांबते, वापर तेवढाच राहतो, पण कार्डला मिळणारे वॅट आणि क्लॉक (कार्डच्या चिपची गती) हे दोन्ही आकडे खाली येतात आणि त्याच क्षणी गेम अडखळतो. टास्क मॅनेजरमध्ये कार्डची मेमरी पाहिली तर ती पूर्ण भरलेली नाही. यावरून तापमान हेच कारण मानावे का?

सिडकोवासी

होय, आणि आकडे तुम्ही फार नीट वाचले आहेत. तापमान एका मर्यादेवर स्थिर राहणे आणि त्याच वेळी वॅट व क्लॉक खाली येणे, ही कार्डने स्वतःला वाचवण्यासाठी वेग कमी केल्याची खूण आहे. कार्डचा वापर कमी झाला असता आणि तापमानही उतरले असते तर मी प्रोसेसरकडे बोट दाखवले असते. नुसत्या तापमानाच्या आकड्यावरून यातले काहीच कळत नाही. वापर, वॅट, क्लॉक आणि तापमान हे चार आकडे शेजारी ठेवले तरच अर्थ लागतो, आणि ओव्हरलेचा खरा उपयोग मी यातच मानतो. मोजताना चार्जर लावलेला असू द्या, कारण बॅटरीवर कार्डला मुळातच कमी वॅट मिळतात आणि बॅटरी बूस्ट ही एनव्हिडियाची बॅटरी वाचवणारी सोय चालू असेल तर फ्रेमचा वेग मुद्दाम बांधला जातो. त्या वेळचे आकडे तुलनेला घेऊ नयेत.

एप्रिल-मेमध्ये आपल्याकडे पारा चाळिशीच्या आसपास जातो, तेव्हा पंखा खोलीतलीच गरम हवा आत ओढतो. लॅपटॉपची मागची बाजू दोन बोटे उंच करा, तो गादीवर किंवा चादरीवर ठेवू नका आणि आतील पंख्यांवरची धूळ जाणकाराकडून काढून घ्या. शिवाय एनव्हिडिया ॲपच्या ग्राफिक्स भागात मॅक्स फ्रेम रेट ही सेटिंग आहे. तिथे त्या गेमसाठी ६० ही मर्यादा घाला. कार्ड सुरुवातीला साठच्या वर जितक्या फ्रेम काढते त्या काढण्यात उष्णताच वाढते. मर्यादा घातल्यावर शिखर खाली येईल, पण वेग शेवटपर्यंत एकसारखा राहण्याची शक्यता खूप वाढेल, आणि खेळणाऱ्याला एकसारखेपणाच जास्त जाणवतो. ओव्हरलेमध्ये ‘एक टक्का लो’ नावाचा एफपीएसचा (सेकंदाला किती फ्रेम याचा) आकडाही दाखवता येतो, तो सर्वांत संथ एक टक्का फ्रेमचा वेग सांगतो. सरासरीपेक्षा त्याच्यावर लक्ष ठेवा, कारण अडखळणे तिथे आधी दिसते.

गोदाकाठ यांचे उत्तर

ओव्हरलेमुळे वेग कमी होतो का, या शंकेचे उत्तर राहून गेले आहे. आकड्यांची पट्टी दाखवण्याचा भार इतका थोडा असतो की तो सहसा जाणवत नाही. भार पडतो तो त्याच ओव्हरलेच्या पोटात असलेल्या इतर सोयींचा.

याचे एक नोंदलेले उदाहरण आहे. एनव्हिडियाने जुन्या जीफोर्स एक्सपिरियन्सच्या जागी नवे एनव्हिडिया ॲप आणले. त्याची बीटा आवृत्ती फेब्रुवारी २०२४ मध्ये आणि अधिकृत आवृत्ती नोव्हेंबर २०२४ मध्ये आली. जुन्या सॉफ्टवेअरमध्ये खाते उघडून लॉगिन करावे लागे, ते नव्यात सक्तीचे राहिले नाही, ही चांगली गोष्ट झाली. मात्र डिसेंबर २०२४ मध्ये तंत्रविषयक संकेतस्थळांच्या चाचण्यांत असे आढळले की ॲप मूळ सेटिंगवर ठेवले तर काही गेममध्ये वेग सुमारे १५ टक्क्यांपर्यंत घटतो. कारण ओव्हरलेमधल्या गेम फिल्टर आणि फोटो मोड या सोयींमध्ये होते. कुठलाही फिल्टर लावलेला नसतानाही त्या चालू अवस्थेत असल्याचा भार पडत होता. एनव्हिडियाने ते मान्य करून त्या सोयी बंद ठेवण्याचा मार्ग सांगितला आणि पुढच्या आवृत्तीत त्यात दुरुस्तीही केली. त्यामुळे ॲप अद्ययावत ठेवा. गेमचे रंग बदलण्याची हौस नसेल तर गेम फिल्टर बंदच ठेवावेत, असे माझे स्पष्ट मत आहे.

दुसरा भार इन्स्टंट रिप्लेचा. ही सोय चालू असली की कार्ड मागच्या काही मिनिटांचे सतत रेकॉर्डिंग करत राहते आणि ऑल्ट-एफ१० दाबल्यावर तेवढा भाग जपून ठेवते. जीफोर्स कार्डमध्ये व्हिडिओ बनवण्यासाठी एनव्हेंक नावाचा वेगळा विभाग असतो, म्हणून रंगवण्याच्या कामावर त्याचा ताण कमी पडतो. शॅडोप्ले या नावाने ही सोय २०१३ मध्ये आली तेव्हापासून तिची जमेची बाजू हीच आहे. पण चार जीबीच्या कार्डवर मेमरीचा काही भाग त्यासाठी जातो, आणि आधीच मर्यादेवर असलेल्या तुमच्या तापमानात थोडी भर पडते. दुपारच्या वेळी इन्स्टंट रिप्ले बंद ठेवून हवे तेव्हाच ऑल्ट-एफ९ने साधे रेकॉर्डिंग सुरू-बंद करा.

देवळालीकॅम्प यांचे उत्तर

मला थोडा वेगळा मुद्दा मांडायचा आहे. केवळ आकडे पाहायचे असतील तर ग्राफिक्स कंपनीच्या ओव्हरलेच्या वाटेला जावेच का? विंडोज १० आणि ११ मध्ये गेम बार मुळातच आहे. विंडोजची कळ आणि जी दाबले की तो उघडतो, त्यातला परफॉर्मन्सचा चौकोन पिन करून ठेवता येतो, आणि कार्ड कोणत्याही कंपनीचे असले तरी तो तसाच चालतो. सविस्तर आकडे हवे असतील तर कार्डवर लक्ष ठेवणारे आफ्टरबर्नर हे सॉफ्टवेअर आणि त्याच्यासोबत येणारा रिव्हाट्यूनर आहेच. शॉर्टकटांची भांडणे आणि नको असलेल्या सोयींचा भार, दोन्ही टळतात.

उपनगर

देवळालीकॅम्प, आपला मुद्दा योग्य आहे, आणि कॅफेतल्या ज्या यंत्रांवर फक्त वेग पाहायचा असतो तिथे मीही गेम बारच ठेवतो. परंतु गेम बारच्या चौकोनात कार्डला मिळणारे वॅट आणि क्लॉक दिसत नाहीत, आणि या प्रश्नात निकाल नेमका त्या दोन आकड्यांनी लावला. आफ्टरबर्नर ते दाखवतो, पण त्यात कार्डचा क्लॉक बदलण्याच्या पट्ट्याही समोरच असतात. ज्याला त्यांचा अर्थ ठाऊक नाही त्याच्या हाती, विशेषतः आधीच तापलेल्या लॅपटॉपवर, ते द्यायला मी कचरतो.

पाथर्डीफाटा

सर्वांचे पुन्हा आभार. साठची मर्यादा घालून आणि लॅपटॉप मागून उंच करून कालची दुपार काढली. तापमान ८०च्या आत राहिले आणि अडखळणे थांबले. इन्स्टंट रिप्ले आणि गेम फिल्टर बंद केले आहेत. आता रेकॉर्डिंगची एक अडचण उरली आहे. ऑल्ट-एफ९ दाबल्यावर रेकॉर्डिंग सुरू झाल्याची सूचना दिसते, परंतु थांबवल्यावर कधीकधी फाइल सापडतच नाही. सी ड्राइव्हमध्ये सुमारे १२ जीबी जागा शिल्लक आहे.

गोदाकाठ

बारा जीबी जागा या कामाला अपुरी आहे. एक साधा हिशेब करून पाहा. रेकॉर्डिंगचा बिटरेट, म्हणजे व्हिडिओच्या दर सेकंदाला लागणारा डेटा, ५० एमबीपीएस (सेकंदाला ५० मेगाबिट) ठेवला असेल तर, आठ बिटांचा एक बाइट या हिशेबाने, सेकंदाला सव्वासहा मेगाबाइट लागतात. मिनिटाला ३७५ मेगाबाइट आणि तासाला साडेबावीस जीबी. म्हणजे अर्ध्या तासाचे रेकॉर्डिंगच तुमची जवळजवळ सगळी मोकळी जागा खाऊन टाकते, आणि विंडोजलाही स्वतःच्या कामासाठी त्याच ड्राइव्हमध्ये जागा हवी असते. मित्रांना दाखवण्यापुरत्या व्हिडिओसाठी बिटरेट १५ ते २० एमबीपीएसवर आणा. फोनच्या स्क्रीनवर फरक कळणार नाही आणि फाइल मोबाइल डेटावर पाठवायलाही सोपी जाईल.

ओव्हरलेच्या सेटिंग्जमध्ये फाइल कुठे जपायची तो फोल्डर बदलता येतो. दुसरा ड्राइव्ह असेल तर तिथे द्या. पेन ड्राइव्ह किंवा नेहमी न जोडलेली बाहेरची हार्ड डिस्क मात्र देऊ नका, कारण ती जोडलेली नसताना फोल्डरच सापडत नाही आणि रेकॉर्डिंग वाया जाते. जागा मोकळी करूनही फाइल मिळाली नाही तर विंडोज सिक्युरिटीमध्ये रॅन्समवेअर प्रोटेक्शनखाली कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस चालू आहे का ते पाहा. तो चालू असताना अनोळखी ठरवलेल्या प्रोग्रामला व्हिडिओच्या फोल्डरमध्ये लिहू दिले जात नाही. तो पूर्ण बंद करण्याऐवजी त्याच पानावर एनव्हिडियाच्या प्रोग्रामला परवानगी द्या.

आणि रेकॉर्डिंग करताना बाजूच्या ब्राउझरमध्ये चित्रपटांच्या सशुल्क सेवेचा व्हिडिओ उघडा ठेवू नका. अशा व्हिडिओंना नक्कल होऊ नये म्हणून संरक्षण असते, आणि तो स्क्रीनवर असताना डेस्कटॉपचे रेकॉर्डिंग व इन्स्टंट रिप्ले आपोआप बंद होण्याची शक्यता असते. ते टॅब बंद करून मग ऑल्ट-एफ९ दाबा.